तारामतीच्या वेषातला आचारी : अण्णा साळुंके यांची अठरा वर्षे

बेलव्ह्यू (वॉशिंग्टन) : भारतीय चित्रपटाची पहिली नायिका कोण, या प्रश्नाचे उत्तर भल्याभल्यांचे चुकते. कोणी दुर्गाबाई कामत यांचे नाव घेतो, कोणी त्यांच्या कन्या कमलाबाई गोखले यांचे. पडद्यावर आलेल्या पहिल्या स्त्रिया म्हणून ही दोन्ही नावे योग्यच आहेत. परंतु ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ सर्वांसाठी खुला झाला, तेव्हा महाराणी तारामतीच्या वेषात प्रेक्षकांसमोर उभा राहिला तो एक पुरुष होता. काही महिन्यांपूर्वीपर्यंत तो ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात स्वयंपाकाच्या कामावर होता. त्याचे नाव अण्णा हरी साळुंके.

चार वर्षांनी, १९१७ साली, याच साळुंके यांनी ‘लंकादहन’ या चित्रपटात राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. एका नटाने एकाच चित्रपटात दोन प्रमुख भूमिका करण्याचे भारतातील ते पहिले उदाहरण मानले जाते. पुढे ते कॅमेऱ्यासमोरून कॅमेऱ्यामागे गेले आणि बोलपट अवतरेपर्यंत छायालेखक म्हणून काम करीत राहिले. पाच चित्रपटांत अभिनय आणि तिसाहून अधिक चित्रपटांचे छायालेखन, असा त्यांच्या अठरा वर्षांचा हिशेब आहे. दादासाहेब फाळके यांचे नाव देशातील सर्वोच्च चित्रपट पुरस्काराला मिळाले. त्यांच्या हाताखाली घडलेल्या या माणसाचे नाव मात्र आज निघते ते बहुधा एका गमतीदार आठवणीपुरते. पहिल्या चित्रपटात पुरुषाने लुगडे नेसले होते म्हणे, एवढेच. ती आठवण खरी आहे. पण तेवढ्यावर थांबले, तर एका कष्टकरी माणसाने नुकत्याच जन्माला येत असलेल्या व्यवसायात स्वतःसाठी केवढी जागा निर्माण केली, हे दिसायचे राहून जाते.

सिनेमाला माणसे कोठून मिळाली

आरंभीच्या सिनेमाजवळ स्वतःचे नट नव्हते. रंगभूमीवरचे नामवंत या नव्या खेळाकडे संशयाने पाहत, आणि घरंदाज मंडळी त्याच्या वाटेला जात नसत. त्यामुळे पहिल्या पिढीतील अनेक चेहरे अगदी अनपेक्षित ठिकाणांहून आले. ही गोष्ट केवळ मुंबईची नव्हे. त्याच काळात जगातील सर्वांत भव्य चित्रपट इटलीत तयार होत होते. तेथे तुरिन शहरातील इताला फिल्म या संस्थेला ‘काबिरिया’ या महापटासाठी एका धिप्पाड गुलामाची भूमिका करणारा माणूस हवा होता. दिग्दर्शक जोव्हान्नी पास्त्रोने यांना तो सापडला जेनोवाच्या बंदरात. बार्तोलोमेओ पगानो नावाचा हा गोदी कामगार जहाजांवरचा माल उतरवून पोट भरत होता. कृष्णवर्णीय गुलाम माचिस्ते साकारण्यासाठी या गोऱ्या माणसाचे अंग काळे रंगवण्यात आले. १९१४ साली चित्रपट प्रदर्शित झाला आणि माचिस्ते हे पात्र प्रेक्षकांनी इतके उचलून धरले, की पुढे जवळजवळ पंधरा वर्षे पगानो त्याच नावाने चित्रपटामागून चित्रपट करीत राहिला.

मुंबईचा आचारी आणि जेनोवाचा हमाल यांची गाठ कधी पडली नाही. पण दोघांच्याही नशिबाची किल्ली एकच होती. मूकपटाला पल्लेदार वाणी नको होती, शास्त्रशुद्ध गाणे नको होते. त्याला हवे होते डोळ्यांत भरणारे शरीर, आणि ते कोणाच्या मालकीचे आहे याची चौकशी हे माध्यम करीत नव्हते. पगानोचे दंड पास्त्रोनेच्या नजरेत भरले, तर साळुंके यांचे हात फाळके यांच्या.

पाच रुपयांची वाढ

१९११ साली ईस्टरच्या सुमारास गिरगावात ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून फाळके यांच्या मनात रामकृष्णांना पडद्यावर आणण्याची कल्पना आली, हे सर्वश्रुत आहे. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून ते १९१२ च्या आरंभी लंडनला गेले. तेथे सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत त्यांनी चित्रनिर्मितीची प्रक्रिया पाहिली, विल्यमसन कंपनीचा कॅमेरा विकत घेण्याची व्यवस्था केली आणि एप्रिलमध्ये ते मुंबईस परतले. दादरच्या मुख्य रस्त्यावरील बंगल्यात त्यांनी काम मांडले. यंत्र मिळाले, कच्ची फिल्म मिळाली, पत्नी सरस्वतीबाई यांचे दागिने गहाण पडून थोडा पैसाही उभा राहिला. अडचण आली ती माणसांची.

फाळके यांनी वर्तमानपत्रांत जाहिरात दिली. आलेल्या उमेदवारांची रूपे पाहून पुढच्या जाहिरातीत कुरूप चेहऱ्यांनी अर्ज करू नये, अशी सूचना घालावी लागली, असे सांगतात. हरिश्चंद्राच्या भूमिकेसाठी रंगभूमीवरचे दत्तात्रय दामोदर दाबके मिळाले. विश्वामित्रासाठी गजानन वासुदेव साने आले. रोहिदास म्हणून फाळके यांनी स्वतःचा मुलगा भालचंद्र उभा केला. तारामती मात्र मिळेना. सभ्य समजल्या जाणाऱ्या कुटुंबांतून कोणी येणे शक्यच नव्हते. तेव्हा फाळके यांनी कलावंतिणींच्या आणि देहविक्रय करणाऱ्या स्त्रियांच्या वस्तीतही चौकशी केली. त्यांच्याकडूनही नकार आले. एक स्त्री चार दिवस तालमीला आली आणि पाचव्या दिवशी तिचा मालक येऊन तिला घेऊन गेला, अशी आठवण फाळके यांच्या चरित्रकथांतून सांगितली जाते. समाजाने जिला प्रतिष्ठेच्या बाहेर ठेवले होते, तिलाही कॅमेऱ्यापुढे उभे राहणे कमीपणाचे वाटावे, यावरून त्या वेळी सिनेमाची पत काय होती हे ध्यानात येते.

ग्रँट रोडवरच्या ज्या उपाहारगृहात फाळके यांचे जाणे-येणे होते, तेथे त्यांना साळुंके दिसले. सडसडीत अंगलट, नाजूक चेहरेपट्टी आणि हातांच्या मऊ हालचाली, एवढे त्या चित्रकाराच्या नजरेला पुरेसे होते. साळुंके यांना तेथे महिन्याला १० रुपये मिळत. फाळके यांनी १५ देऊ केले. भारतीय चित्रपटाच्या पहिल्या नायिकेचा करार हा असा, महिना पाच रुपयांच्या वाढीवर झाला.

त्या पाच रुपयांकडे आजच्या डोळ्यांनी पाहून हसू नये. पगारात ही दीडपट वाढ होती. पण ती अशा व्यवसायात होती, जो उद्या असेल की नाही हे खुद्द मालकालाही सांगता आले नसते. उपाहारगृहातली चूल रोज पेटणार, हे पक्के होते. फाळके यांच्या बंगल्यात चालले होते ते काम देशात त्या स्वरूपात पूर्वी कोणी यशस्वी करून दाखवलेले नव्हते. स्थिर नोकरी सोडून अनोळखी उद्योगात जाण्याचा निर्णय किती जड असतो, हे देश सोडून नव्या गावी नव्याने उभे राहिलेल्या वाचकांना वेगळे सांगायला नको. शिवाय साळुंके यांच्या निर्णयाला लोकापवादाची किनार होती. कामाला जाणाऱ्या नटांनी बाहेर कोणी विचारल्यास आपण हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहोत, असे सांगावे, अशी फाळके यांची सूचना होती. कारखाना म्हटले की कोणाच्या भुवया उंचावत नसत. सिनेमा म्हटले की उंचावत.

दादरचा कारखाना

कारखाना हा शब्द तसा चुकीचाही नव्हता. मंडळी बंगल्यावरच राहत, तालमी करीत आणि पडेल ते काम करीत. सरस्वतीबाई सर्वांचा स्वयंपाक सांभाळीत, पोशाख धूत, चित्रीकरणात पांढरे कापड धरून उन्हाची तिरीप वळवीत आणि रात्री अंधाऱ्या खोलीत फिल्मच्या कडांना छिद्रे पाडण्याचे व ती धुण्याचे काम करीत. आदल्या महिन्यापर्यंत दुसऱ्यांसाठी रांधणारे साळुंके आता त्या बाईंच्या हातचे जेवून दिवसभर राणीचे दुःख अंगी बाणवायला शिकत होते.

तालीम कठीण होती, कारण शिकवणाऱ्यालाही हे शास्त्र नवे होते. नाटकात नट शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचेल असा हातवारा करतो. कॅमेऱ्यापुढे तोच हातवारा हास्यास्पद दिसतो. स्त्रीवेष घेणाऱ्या पुरुषांची आणखी एक पंचाईत होती, ती मिशांची. वडील गेल्यावर मिशी उतरवायची, ही रीत. वडील हयात असताना मिशी काढणे म्हणजे अभद्र, या समजुतीपायी नट मिशीला वस्तरा लावू देईनात आणि त्यांची समजूत घालता घालता फाळके यांची दमछाक झाली, असे सांगितले जाते. दाढी-मिशीच्या खुणा लपवण्यासाठी रंगभूषाही जाड असे. त्या काळची फिल्म लाल रंगाला आंधळी होती. गालांवरची किंवा ओठांवरची लाली पडद्यावर काळी उमटे. म्हणून चेहऱ्याला पांढरा लेप आणि डोळ्यांना गडद रेषा, हे मूकपटाचे नेहमीचे रूप ठरले.

मैदानी दृश्यांसाठी मंडळी मुंबईजवळच्या वांगणी गावी गेली. भाले-तलवारी घेतलेली माणसे पाहून गावकऱ्यांना दरोडेखोर आल्याची शंका आली आणि प्रकरण फौजदारापर्यंत गेले. अखेर कॅमेरा उघडून दाखवल्यावर सुटका झाली, अशी कथा आहे. याच मुक्कामात छोटा भालचंद्र खेळताना दगडावर पडून बेशुद्ध झाला आणि रोहिदासाच्या चितेचे दृश्य फाळके यांनी त्याच अवस्थेत चित्रित केले, असेही नमूद आहे. मृत पुत्राजवळ बसलेल्या आईचा शोक साकारायचा होता तो साळुंके यांना.

सहा महिने सत्तावीस दिवसांनी ३,७०० फूट लांबीचा, चार रिळांचा चित्रपट पुरा झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिंपिया थिएटरमध्ये निमंत्रितांसाठी खेळ झाला आणि ३ मे रोजी कोरोनेशनमध्ये तो सर्वांना दाखवण्यात आला. नुसत्या चित्रपटावर विसंबण्याची छाती कोणाची नव्हती. त्याच तिकिटात परदेशी नर्तिकेचा नाच, विनोदी प्रवेश आणि पायांनी वस्तू झेलणाऱ्या कसरतपटूचे खेळही होते. सुरतेस पहिल्या दिवशी अवघे तीन रुपये गोळा झाले. मग फाळके यांनी जाहिरातीत कथेऐवजी आकडे घातले: तीन आण्यांत सत्तावन्न हजार छायाचित्रे आणि दोन मैल लांबीचे चित्र. उत्पन्न शेकड्यांत गेले.

आवाज नसलेला स्त्रीपार्ट

मराठी प्रेक्षकाला पुरुषाने केलेली स्त्रीभूमिका मुळीच नवी नव्हती. किर्लोस्कर नाटक मंडळीत भाऊराव कोल्हटकरांनी स्त्रीपार्ट गाजवले होते. बालगंधर्व १९०५ पासून रंगभूमीवर होते, आणि ‘राजा हरिश्चंद्र’ आला त्याच १९१३ साली गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली. बालगंधर्वांचे शालू आणि केशरचना पाहून घरंदाज स्त्रिया आपली वेशभूषा ठरवीत, असा तो काळ होता. मग साळुंके यांच्या तारामतीत वेगळे काय होते?

फरक माध्यमाचा होता. संगीत नाटकातील स्त्रीपार्ट मुख्यतः गळ्यावर उभा राही. सूर लागला की प्रेक्षक देह विसरत. रंगमंचावरचा मंद प्रकाश आणि अंतर या दोन्हींचे नटाला साहाय्य असे. मूकपटाने ही सगळी आवरणे काढून घेतली. गळा नाही, शब्द नाही. प्रकाश भर दुपारच्या उन्हाचा. आणि कॅमेऱ्याचा निर्विकार डोळा जे आहे ते टिपणारा. बालगंधर्वांजवळ जे होते ते साळुंके यांच्याजवळ नव्हते, आणि असते तरी मूकपटात उपयोगी पडले नसते. त्यांना केवळ मान, डोळे, पदर आणि हात एवढ्यांवर स्त्री उभी करायची होती. त्यासाठी परंपरेत गुरू नव्हता.

या चित्रपटात राजा स्नानाच्या जागी तारामतीला भेटायला येतो, असा प्रसंग आहे. तेथे राणी आणि तिच्या सर्व सख्या पाण्याने चिंब भिजलेल्या आहेत, आणि त्या सर्व पुरुष आहेत. ओले वस्त्र अंगाला चिकटलेले असताना स्त्रीत्वाचा भास टिकवणे किती अवघड, हे ते दृश्य पाहताना उमगते. आजच्या प्रेक्षकाला त्यात विनोद दिसतो. त्या दिवशी कोरोनेशनमध्ये बसलेल्या माणसाला मात्र पुराणातली राणी प्रथमच हलताना दिसत होती.

त्याच वर्षी फाळके यांनी आपले बिऱ्हाड नाशिकला हलवले आणि तेथे तयार केलेल्या ‘मोहिनी भस्मासुर’ या चित्रपटात अखेर स्त्रिया आल्या. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि कमलाबाई मोहिनी. पुढे याच घराण्यात चंद्रकांत गोखले आणि विक्रम गोखले झाले. परंतु या दोघींनी वाट उघडली म्हणून मागून रांग लागली नाही. नाटक-सिनेमात जाणाऱ्या स्त्रीला समाजाकडून मोजावी लागणारी किंमत तशीच राहिली. म्हणूनच चार वर्षांनी सीता हवी झाली, तेव्हा फाळके पुन्हा साळुंके यांच्याकडेच वळले. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये तर फाळके यांची लहानगी कन्या मंदाकिनी कृष्ण झाली. पुरुषाची सीता आणि मुलीचा कृष्ण, असा तो उलटसुलट काळ होता. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी १९२० साली ‘सैरंध्री’त स्त्रियांना भूमिका दिल्या, तेव्हा कोठे ही कोंडी हळूहळू फुटू लागली. साळुंके यांची नायिकापदाची कारकीर्द उभी राहिली ती या कोंडीच्या पायावर, हे विसरता येणार नाही. त्यांना मिळालेली संधी कुणा स्त्रीला नाकारलेली संधीही होती. त्यात त्यांचा दोष नव्हता. पण त्यांची गोष्ट सांगताना ही बाजू गाळली, तर ती अर्धीच राहते.

एकच देह, राम आणि सीता

१९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये मारुती झाले गणपत शिंदे, आणि राम व सीता दोन्ही झाले साळुंके. रामायणाचा हा भाग निवडण्यात एक सोय होती. या कथेत राम आणि सीता बहुतेक काळ एकमेकांपासून दूर असतात. तो समुद्राच्या अलीकडे, ती अशोकवनात. त्यामुळे वेष बदलून दोन्हीकडे एकच नट उभा करता येत होता. फाळके स्वतः जादूचे प्रयोग करीत आणि फिल्मवरची करामत त्यांना अवगत होती. भिंगाचा अर्धा भाग झाकायचा, चित्रण करायचे, फिल्म मागे गुंडाळायची आणि उरलेल्या अर्ध्यावर पुन्हा चित्रण करायचे, ही युक्ती त्या काळी जगभर वापरली जाई. त्यात नटाला समोर नसलेल्या माणसाकडे अचूक ठिकाणी पाहावे लागे आणि कॅमेऱ्याचा दांडा फिरवणाऱ्याला दोन्ही वेळा सारखीच गती ठेवावी लागे. आज संगणकावर काही मिनिटांत होणारे हे काम तेव्हा माणसाच्या हाताच्या स्थिरतेवर अवलंबून होते.

सीतेच्या वेषातील साळुंके यांचे पिळदार दंड लपले नाहीत, असे चित्रपटाचे अभ्यासक सांगतात. प्रेक्षकांनी त्याची तमा बाळगली नाही. पडद्यावर राम येताच लोक पायांतली पादत्राणे काढून ठेवत. मुंबईत वेस्ट एंड चित्रपटगृहात सकाळी सातपासून मध्यरात्र उलटेपर्यंत खेळ चालत, असे नोंदले गेले आहे. मद्रासमध्ये तिकीटविक्रीची नाणी पोत्यांत भरून, बैलगाडीत घालून, पोलिसांच्या पहाऱ्यात न्यावी लागली, ही गोष्टही प्रसिद्ध आहे.

त्या गर्दीची कल्पना आज बेलव्ह्यूच्या उंच काचेच्या इमारतींत बसून करणे अवघड आहे. १९१७ साली लेक वॉशिंग्टनच्या या पूर्व काठावर शहर नव्हतेच. स्ट्रॉबेरीचे मळे आणि विखुरलेली घरे होती. बेलव्ह्यूला शहराचा दर्जा मिळाला तो १९५३ साली. मात्र तलावापलीकडे, सिॲटलच्या पॅरामाउंट थिएटरमध्ये १९२८ सालचा वुर्लिट्झर ऑर्गन आहे आणि त्याच्या साथीने मूकपट दाखवण्याची परंपरा तेथे जपली गेली आहे. ज्यांनी असा खेळ अनुभवला असेल त्यांना ठाऊक असेल, की मूकपट कधीच मुका नसतो. आपल्याकडे ऑर्गनच्या जागी पेटी आणि तबला असे, आणि पडद्यावरची अक्षरे वाचता न येणाऱ्यांसाठी कोणीतरी मोठ्याने कथा सांगत असे. साळुंके यांचा राम या सगळ्या कोलाहलात अवतरत असे, आणि लोक हात जोडत.

ते हात साळुंके यांना जोडलेले नव्हते. इटलीतला पगानो माचिस्ते झाला तेव्हा पात्राचे नाव त्याला कायमचे चिकटले. लोक त्याला पाहायला येत. साळुंके यांच्या वाट्याला हे भाग्य आले नाही, कारण त्यांनी साकारलेली पात्रे त्यांच्याहून फार मोठी होती. रामापुढे नतमस्तक झालेल्या माणसाला नटाचे नाव विचारण्याचे कारण नव्हते. प्रेक्षकाला देव दिसला, ही नटाची सर्वांत मोठी पावती. आणि तीच त्याच्या विस्मरणाची सुरुवात.

भिंगाच्या दुसऱ्या बाजूला

१९१८ साली मुंबईतील भांडवलदारांच्या भागीदारीने नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी उभी राहिली. भागीदारांशी मतभेद होऊन फाळके काही काळ बाहेर पडले, काशीला गेले, तेथे त्यांनी ‘रंगभूमी’ हे नाटक लिहिले आणि १९२२ च्या सुमारास ते कंपनीत परतले. याच कंपनीत साळुंके छायालेखक म्हणून स्थिरावले. १९२२ चा ‘सत्यनारायण’ आणि १९२३ चा ‘बुद्धदेव’ हे त्यांच्या अभिनयाचे शेवटचे टप्पे. त्यानंतर त्यांचा चेहरा पडद्यावरून गेला आणि हात तेवढे मागे उरले.

छायालेखकाचे काम त्या काळी निव्वळ शरीरकष्टाचेही होते. तिवईवरच्या जड लाकडी कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवायचा. एका फेऱ्याला आठ चित्रे, सेकंदाला साधारण दोन फेरे. हात मंदावला तर पडद्यावर माणसे धावू लागत, वेगावला तर ती पाण्यात चालल्यासारखी दिसत. प्रकाश सूर्याचा, ढग आला की काम बंद. उन्हाचा कडकपणा मोडायला वर पांढरे कापड ताणायचे आणि सावली उजळायला आरसे किंवा चकाकते पत्रे धरायचे. चित्रण बरोबर झाले की नाही, हे फिल्म धुतल्यावरच कळे. रसायन किती गरम, फिल्म किती वेळ बुडवायची, केव्हा बाहेर काढायची, हा सगळा अंदाजाचा आणि सवयीचा भाग होता. स्वयंपाकघरात आयुष्याची काही वर्षे काढलेल्या माणसाला आच आणि वेळ यांचे नाते निदान परके नसणार.

या बदलातच साळुंके यांच्या आयुष्याचे मर्म आहे. रूपावर मिळालेली नोकरी रूपाबरोबर जाते. लुगडे नेसून उभे राहण्यासाठी लागणारी कोवळी चण फार वर्षे टिकणारी नव्हती. आणि पडद्यावर स्त्रिया येऊ लागल्या की स्त्रीवेष घेणाऱ्या पुरुषाची गरज संपणार, हेही उघड होते. अनेक स्त्रीपार्टी नटांची उतारवयात याच कारणाने परवड झाली. साळुंके यांनी मात्र ज्या यंत्रापुढे ते उभे राहत होते, त्याच यंत्राचा अभ्यास केला. आरंभी फाळके यांच्या कॅमेऱ्यावर त्र्यंबक तेलंग होते. त्यांचे काम जवळून पाहण्याची संधी नटाइतकी दुसऱ्या कोणाला मिळणार? नट असताना प्रकाश तोंडावर कसा पडतो हे त्यांनी सोसले होते. छायालेखक झाल्यावर तोच प्रकाश दुसऱ्याच्या तोंडावर कसा पाडावा हे त्यांना सांगावे लागले नसेल.

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ झळकला आणि पडदा बोलू लागला. हाताने दांडा फिरवण्याचे युग संपले. आवाज टिपायचा तर कॅमेरा विजेवर, ठरावीक गतीने चालायला हवा. नाशिकच्या कंपनीलाही पुढे फार दिवस तग धरता आला नाही. साळुंके यांची चित्रपटातील नोंद याच १९३१ साली थांबते. मूकपटाच्या पहिल्या दिवशी आलेला हा माणूस मूकपटाबरोबरच निघून गेला.

उरलेली रिळे

त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. ती सहज पेट घेई आणि जपली नाही तर आपोआप कुजे. भारतातील मूकपटांपैकी बहुतेक सर्व अशाच रीतीने नष्ट झाले. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले. त्याचे आद्य शिल्पकार पी. के. नायर यांनी फाळके यांच्या कुटुंबीयांकडून आणि अन्य ठिकाणांहून मिळतील ते तुकडे गोळा केले. ‘राजा हरिश्चंद्र’ची पहिली आणि शेवटची रिळे, सुमारे १,४७५ फूट, हाती लागली. ‘लंकादहन’चेही काही अंश वाचले.

या रिळांविषयी जाणकारांत एक वाद आहे. ‘राजा हरिश्चंद्र’ची मूळ प्रत आगीत नष्ट झाल्याने फाळके यांनी १९१७ साली ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ या नावाने तीच कथा पुन्हा चित्रित केली, असे सांगितले जाते. जी रिळे आज १९१३ ची म्हणून दाखवली जातात, ती वस्तुतः या दुसऱ्या चित्रपटाची आहेत, असे अनेक अभ्यासकांचे मत आहे. भारतीय चित्रपटाचा आरंभबिंदू नेमका आपल्या हाती आहे की निसटला आहे, असा हा प्रश्न असल्याने तो महत्त्वाचा आहेच.

पण साळुंके यांच्या बाबतीत या वादाने काही बदलत नाही. १९१७ च्या चित्रपटातही तारामती तेच होते. ही रिळे आज कोणालाही घरबसल्या पाहता येतात. त्यांतील फिल्म १९१३ ची निघो वा १९१७ ची, राजवाड्याच्या पायऱ्यांवर पदर सावरून उभी असलेली ती सडसडीत राणी म्हणजे ग्रँट रोडवरचे अण्णा हरी साळुंके हेच आहेत.